मलिद्याआधी

साराबाई पेझारकरांनी आपलं म्हणणं एकदाच सांगितलं होतं, आणि तीच गोष्ट दुसऱ्यांदा सांगायची त्यांना सवय नव्हती. नातवाच्या साखरपुड्याला मलिदा पाहिजे ना? मग आधी मुलगी जेवताना बघायची. ती काय खाते, काय बाजूला सारते, खाण्याआधी हात धुते की नाही, एवढं डोळ्यांनी पाहिल्याशिवाय पोहे भिजणार नाहीत.

मलिदा म्हणजे एलियाहू हनाबीच्या, एलिया संदेष्ट्याच्या, नावाचं ताट. गोड पोहे, ओलं खोबरं, वेलची, पाच फळं आणि वर गुलाबाच्या पाकळ्या. बेने इस्राएलांच्या, म्हणजे कोकणातल्या ज्यूंच्या, घरातलं शुभकार्य त्या ताटाशिवाय पुढे सरकत नाही. आणि इकडे लंडनजवळच्या वॉटफर्डमध्ये ते ताट साराबाईंच्याच हातचं लागतं, हे साराबाईंनीच ठरवून टाकलेलं.

मुलगी मेक्सिकोची होती. नाव मारिसोल. नातू अव्हिएल नॉटिंगहॅमच्या हॉस्पिटलात नोकरीला, तो फोनवर म्हणाला, "आजी, ती पण ज्यूच आहे. तिची पणजोबा सीरियामधून मेक्सिको सिटीला आला."

"तिचा पणजोबा," साराबाई म्हणाल्या. "आणि मेक्सिकोत कुठले रे ज्यू? उद्या सांगशील, चंद्रावर सिनेगॉग उघडलंय."

मुलीचं काम काय, तर लोकांना बाजार दाखवायचा. तिकडे मेक्सिको सिटीत ती पर्यटकांना घेऊन मंडयांतून फिरायची, रस्त्यावरचं खाऊ घालायची. इकडे लंडनला आल्यावर तेच काम तिने थेम्सच्या पलीकडच्या एका मार्केटात सुरू केलं होतं. तिथे रेल्वेच्या कमानींखाली दर रविवारी मेक्सिकोवाल्यांचे स्टॉल लागतात. हे ऐकल्यावर साराबाईंनी सून अदीनाला बसवून फोनवर दोन तिकिटं काढायला लावली. तीही अदीनाच्या माहेरच्या आडनावाने. अव्हिएलला कळू द्यायचं नाही, मुलीला तर नाहीच.

"आई, हे स्पाय करणं झाला," अदीना म्हणाली. ती वाढली बेसिंगस्टोकला. मराठी बोलायची मनापासून, पण शब्दांचं लिंग जिथे हाताला लागेल तिथे लावायची.

"झालं तर झालं. मुलगी बघायला जाताना कोण वाजंत्री घेऊन जातं?"

रविवारच त्यातल्या त्यात मोकळा होता. गुरुवारी-शुक्रवारी नव्याचा सण, म्हणजे ज्यू वर्षाचा पाडवा, झाला. त्याला लागून शनिवारचा शब्बाथ आला. घरात पाहुणे, नारळाचं दूध काढून चिकाचा हलवा ढवळायचा, त्यात साराबाईंचे खांदे भरून आले होते. नवरा, मनाशे, असता तर त्याने स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरपुढे उभं राहून पुढचं सगळं वाचून दाखवलं असतं. त्याला जाऊन दुसरं वर्ष होतं. कॅलेंडर भिंतीवर होतं, अजून नेमाने नवं यायचं, पण त्यातली हिब्रू अक्षरं साराबाईंना कधीच वाचता येत नव्हती आणि अदीनाला त्याच्याकडे बघायला वेळ नव्हता.

तर रविवारी सकाळी साराबाई साडीवर जाड कोट आणि पायांत स्पोर्ट्स शूज घालून मार्केटच्या तोंडाशी उभ्या राहिल्या. बरोबर एक इंग्रज नवराबायको होते आणि कॉलेजातल्या दोन मुली. वर कातरलेल्या रंगीत कागदांच्या पताका होत्या आणि खाली बादल्यांमधून झेंडू.

मारिसोल आली. बुटकी, सावळी, जाड वेणी, हातात पिवळा रुमाल बांधलेली काठी.

"ही तर रोह्याच्या बाजारात मासळी घेताना दिसावी अशी आहे," साराबाई अदीनाच्या कानाशी म्हणाल्या. "ज्यू दिसते का कुठून?"

"आपण तरी कुठे दिसतो, आई?"

"आपलं वेगळं."

मारिसोलने सगळ्यांकडे एकवार पाहिलं, साराबाईंकडे जरा जास्त वेळ, आणि बोलायला लागली. मेक्सिकोतल्या मंडईत शिरलात की आधी नाक पुढे करायचं, ती म्हणाली. मिरच्यांची एक गल्ली, फुलांची वेगळी, मसाल्यांची वेगळी, मांसाची आणखी आत. डोळे बांधून सोडलं तरी तिथला माणूस कुठे उभा आहे ते सांगेल. इथे जागा कमी, त्यामुळे सगळी मंडई एका कमानीखाली दुमडून ठेवली आहे. आणि हा झेंडू मेलेल्यांसाठी. पुढच्या महिन्यात ते घरी यायचे असतात, त्यांना वासावरून वाट सापडते.

इंग्रज बाई "हाउ लव्हली" म्हणाली. मनाशेला झेंडूने शिंका यायच्या.

पहिला स्टॉल मिरच्यांचा. काळ्या, चॉकलेटी, सुरकुतलेल्या, बोटभर आणि वीतभर. साराबाईंनी एक उचलली, मोडली, हुंगली आणि परत टाकली. "वास मनुकांचा आणि रंग जळलेला. हिचा मसाला कसा होणार?" तरी दोन पिशव्या घेतल्याच. मारिसोलने सगळ्यांच्या हातावर मिरचीची जाडसर तपकिरी चटणी घातली, मोले म्हणून. सगळ्यांनी चाटली. स्वतः मात्र तिने हात रुमालाला पुसला.

पुढे एक बाई टॉर्टिया थापत होती. तिच्या पातेल्यातून असा वास आला की साराबाई थबकल्या. "चुना," त्या म्हणाल्या.

"बरोबर," मारिसोल म्हणाली. "मका रात्रभर चुन्याच्या पाण्यात ठेवतात. साल सुटते, मग दळतात."

"आम्ही पानाला लावतो. पिठात चुना घातला असता तर माझ्या सासूने मला अलिबागला परत धाडलं असतं." साराबाईंचं इंग्रजी वॉटफर्डच्या बसमध्ये आणि डॉक्टरच्या वेटिंग रूममध्ये शिकलेलं, त्यात प्लीज आणि सॉरी यांना फारशी जागा नव्हती. "ह्यात डुकराची चरबी आहे?"

"टॉर्टियात नाही. पलीकडे ते मक्याच्या पानात गुंडाळलेले तमाल आहेत, त्यांत आहे. ते तुम्ही घेऊ नका."

"मी घेऊ नको हे तुला कोणी सांगितलं?"

मारिसोल नुसती हसली आणि काठी उंच करून पुढे निघाली. साराबाईंनी टॉर्टिया मीठ लावून खाल्ली. कडा जाड, पण भाजणी चांगली, असं त्यांनी अदीनाला सांगितलं. हे सांगताना डोळे मुलीवरच होते. मुलीने काहीच तोंडात घातलं नव्हतं.

मग भाजलेलं कणीस आलं. साराबाईंनी वरचं चीज आणि क्रीम लावू दिलं नाही, लिंबू आणि तिखट चोळून घेतलं. मुलीने कणसं वाटली, स्वतः घेतलं नाही. मग दालचिनी घातलेली मक्याची गरम पेज होती. कॉलेजातल्या एका मुलीने "तुम्ही नाही घेत?" विचारलं तर मारिसोल "नंतर" म्हणाली. तिचे ओठ सुकलेले होते. पाण्याची बाटलीही जवळ नव्हती.

"बघितलंस?" साराबाई म्हणाल्या. "लोकांना चारते, आपण शिवत नाही. हिला ठाऊक असणार आत काय काय घालतात."

"आई, असेल तिची पोट खराब."

"पोट खराब असलेली बाई एवढी तुरुतुरु चालत नाही."

शेवटचा स्टॉल फळांचा. कैरी, काकडी, पपई, वर लिंबू, मीठ आणि लाल तिखट. कैरी दिसल्यावर साराबाईंचा कडकपणा जरा ढिला पडला. भला मोठा ग्लास त्यांनी उभ्या उभ्या संपवत आणला. जीभ चांगलीच भाजली, नाक वाहायला लागलं, तरी काडी टोचून शेवटची फोड काढत होत्या. मारिसोल समोर उभी राहून बघत होती. ते बघणं साराबाईंना सहन होईना.

"काय गं," त्या सगळ्यांसमोर म्हणाल्या, "सकाळपासून बघते आहे. आम्हाला खाऊ घालतेस आणि स्वतः एक फोड खात नाहीस. तुला तुझ्याच बाजाराची शिसारी आहे का?"

अदीनाने डोळे मिटले. इंग्रज नवरा पताकांकडे बघायला लागला.

मारिसोल जवळ आली आणि आवाज खाली आणून म्हणाली, "मी आज उपास करते आहे. गेदालियाचा."

साराबाईंना ते नाव ऐकून माहीत होतं. घरात त्याला नव्याचा रोजा म्हणत. नव्याचा सण झाला की लगेच दुसऱ्या दिवशी. "तो काल झाला," त्या म्हणाल्या. म्हणता म्हणता त्यांचं त्यांनाच ऐकू आलं.

"काल शब्बाथ होता," मारिसोल म्हणाली. "म्हणून आज."

शब्बाथला रोजा धरत नाहीत. मध्ये शब्बाथ आला की रोजा एक दिवस पुढे सरकतो, हे साराबाईंना काय कोणी शिकवायला हवं होतं? पण त्याची आठवण दर खेपेला मनाशेच करून द्यायचा. आदल्या संध्याकाळी कॅलेंडरपुढून ओरडायचा, "सारा, उद्या चूल बंद!" आणि त्या वैतागून म्हणायच्या, माहितीये मला. आज हातात ग्लास होता, त्यात तिखटाचं लाल पाणी होतं, आणि पोटात टॉर्टिया, कणीस, पेज आणि कैरी.

आणखी एक गोष्ट तोंडात होती. सकाळपासून त्यांनी एक प्रश्न घोळवून ठेवला होता, फेरी संपली की मुलीला बाजूला घेऊन विचारायचा: ज्यू म्हणजे कुणाकडून? आईकडून की वडिलांकडून? आई ज्यू असली तरच मूल ज्यू धरतात. पण हा प्रश्न त्यांचा स्वतःचा नव्हता. त्या नव्यानेच इंग्लंडात आल्या होत्या, तेव्हा सणाच्या दिवशी चहाचा कप हातात देता देता एका गोऱ्या बाईने त्यांना तो विचारला होता. मुंबईत ज्यू? आईकडून की वडिलांकडून? तेव्हा साराबाईंनी उत्तर दिलं होतं, "देवाकडून. त्याला विचार." ते उत्तर त्यांनी वॉटफर्डभर सांगितलं होतं.

प्रश्न त्यांनी गिळला. मार्केटात त्या दिवशी गिळलेली ती शेवटची गोष्ट.

मारिसोलच्या लक्षात काय आलं कोण जाणे. ती घाईने म्हणाली, "तुमच्या वयाला चालतं ना. माझ्या आजीलाही डॉक्टरांनी बंद करायला लावले होते सगळे उपास."

"हो, हो," अदीनाने ते दोर पकडल्यासारखं पकडलं. "आईचा बीपी खूप..."

"बीपी ठणठणीत आहे," साराबाई म्हणाल्या. "विसरले."

त्यांनी ग्लास कचऱ्याच्या डब्यात टाकला. रुमालाने तोंड पुसलं, एकदा, परत एकदा. "तुझा कधी सुटतो?"

"चांदण्या दिसल्या की."

"घरी कोण आहे सोडायला?"

"कोणी नाही. टोस्ट खाईन."

"टोस्ट!" साराबाईंचा आवाज पूर्ववत झाला. "रोजा काय टोस्टवर सोडतात? आमच्याकडे खीर असते. नव्या तांदळाची, नारळाच्या दुधातली. वॉटफर्डला ये. अदीना पत्ता देईल."

"पत्ता आहे माझ्याकडे," मारिसोल म्हणाली. "अव्हिएलने दिलाय. तुमचा फोटोही दाखवलाय. ह्याच कोटातला."

साराबाईंनी तिच्याकडे नीट पाहिलं. "मग सकाळीच का नाही बोललीस?"

"तिकीट दुसऱ्या नावाने होतं. म्हटलं, तुम्हाला तसंच हवं असेल."

"बोलते बरी," साराबाई मराठीत म्हणाल्या. अदीनाने त्याचं भाषांतर केलं नाही.

निघताना त्या फळवाल्याकडे परत गेल्या. पेरू घेतले, पपई घेतली, केळी दाबून बघितली आणि नको म्हणाल्या. मारिसोलने पिशवी उचलायला हात पुढे केला तर म्हणाल्या, "उपाशी माणसाने ओझं उचलू नये. सून आहे माझी."

परतीच्या ट्रेनमध्ये जागा मिळाली. साराबाईंची जीभ अजून पेटलेली होती, घसा कोरडा पडला होता. अदीनाने बॅगेतून पाण्याची बाटली काढली.

"प्या ना, आई. आता खाल्लंच आहे. मोडलाय तो रोजा."

"मोडला तो मोडला. उरलाय तेवढा धरते."

"पण तिखट..."

"पिशवी नीट धर. पेरू चेंगरतील." साराबाईंनी बाटलीकडे पाहिलं नाही. खिडकीतून आभाळ बघितलं. अजून लख्ख होतं. थोड्या वेळाने म्हणाल्या, "घरचे पोहे जाड आहेत का पातळ?"

"कुठले पोहे?"

"मलिद्याला पातळ चालत नाहीत, त्यांचा लगदा होतो. पातळ असतील तर स्टेशनवरनंच दुकानात जाऊ."