चौथ्या बोल्टवरची हिरवी रेघ

सासूबाईंच्या खुब्याचं नवं हाड दुपारी घरी येणार होतं, आणि त्याच्यासोबत सासूबाईही.

घरातल्यांनी कामं वाटून घेतली होती. मुलीने आईच्या पलंगाखाली लाकडी ठोकळे लावून त्याची उंची वाढवली. सासऱ्यांनी कुणी अडखळू नये म्हणून सतरंज्या गुंडाळून ठेवल्या आणि त्या गुंडाळ्यांना अडखळून स्वतःच एकदा पडून दाखवलं. जावयाच्या वाट्याला संडासातला आधाराचा दांडा आला. डॉक्टरांनी बजावलं होतं, कमोडवरून उठताना हाताला भक्कम आधार पाहिजे. पडल्या तर नवं हाड शाबूत राहील, आजूबाजूची जुनी मोडतील. हे ते गमतीने म्हणाले की गंभीरपणे, ते कुणाला कळलं नाही, म्हणून कुणी हसलं नाही.

दांडा जावयाकडे येणं रास्तच होतं. तो लोखंडी कपाटांच्या कारखान्यात तपासणी खात्यात होता. त्याच खात्याच्या प्रमुख म्हणून सासूबाई निवृत्त झाल्या होत्या. आधी त्यांनी त्याला कामावर पास केलं, मग मुलीसाठी. घर त्यांचंच होतं आणि तो तिथेच राहत होता.

कारखान्यात सासूबाईंनी हिरव्या रेघेचा नियम घातला होता. तपासणाऱ्याने बोल्ट आवळायचा, हाताने ओढून बघायचा, आणि मग बोल्टच्या डोक्यावरून पत्र्यापर्यंत हिरव्या मार्करने एक रेघ मारायची. बोल्ट पुढे केसभर जरी फिरला तरी रेघ तुटते आणि चुगली करते. हा अर्धा नियम. उरलेला अर्धा असा, की रेघ पडली की त्या बोल्टला पुन्हा कुणी हात लावायचा नाही. "रेघेवर शंका घ्यायची तर मारणाऱ्यावर घ्या, आणि त्याला घरी पाठवा," असं त्या म्हणत. एकदा कारखान्याचे मोठे साहेब हौसेने पाना घेऊन रेघ मारलेला बोल्ट तपासायला लागले, तेव्हा बाईंनी पाना त्यांच्या हातातून काढून घेऊन भिंतीवरच्या खिळ्याला परत अडकवला होता.

निवृत्तीनंतर नियम घरी आला. गॅसची नळी, पंख्याचा हुक, जेवणाच्या टेबलाचे पाय, सगळ्यांवर हिरव्या रेघा होत्या. आणि रेघ दिसली की बाई डोळे मिटून त्या वस्तूवर भार टाकत. जावयाला आज नेमकी हीच गोष्ट आठवायला नको होती.

घराच्या बिल्डरने संडासाची भिंत म्हणून दोन पातळ पत्रे उभे केले होते आणि मधे फोम भरला होता. टकटक केलं की बिस्किटांच्या रिकाम्या डब्यासारखी वाजायची. अशा पत्र्यात बोल्ट थेट पिळला तर त्याला धरायला जेमतेम एक आटा मिळतो. म्हणून आधी भोकात आतून आटे पाडलेली छोटी नळी घालायची आणि हत्याराने ओढायची. मग पत्र्यामागे तिचं पोट फुगतं, बाहेरून तिची कॉलर टेकते आणि पत्रा मधे चिमटला जातो. बोल्ट मग त्या नळीत निर्धास्त पिळावा. कारखान्यात या नळीला घरजावई म्हणत: दुसऱ्याच्या भिंतीत शिरायचं, पोट सुटलं की कायमचं तिथेच राहायचं. हा विनोद जावयासमोर कुणी करत नसे. त्याची पाठ वळेपर्यंत थांबत.

नळी निवडावी मात्र पारखून. पातळ पत्र्याला आखूड लागते. जाड पत्र्याची लांब नळी पातळ पत्र्यात घातली तर तिचं पोट पत्र्यापासून लांब कुठेतरी फुगतं आणि ती सैल राहते. अंगावर उभे दाते असलेली नळी पत्र्याला चावून बसते. गुळगुळीत नळी संधी मिळाली की फिरते. हे सगळं जावयाला झोपेतही सांगता आलं असतं. पण स्टोअरमध्ये दात्यांच्या आखूड नळ्या तीनच निघाल्या. स्टोअरवाला म्हणाला, "उद्या माल येतोय, उद्या ये."

उद्यापर्यंत थांबायला सासूबाई तयार होत्या, त्यांचं मूत्राशय नव्हतं. दांडा भिंतीला टेकतो त्या पाटीला भोकं चार होती. चौथी नळी जावयाने स्वतःच्या डब्यातून काढली. ती गुळगुळीत होती आणि जाड पत्र्याची होती. तीन खमक्या आहेत, चौथी त्यांच्या संगतीत सुधारेल, असं त्याने मनाशी म्हटलं.

तीन बोल्ट झकास बसले. चौथाही सुरुवातीला बसल्यासारखा वाटला. मग शेवटच्या पिळाला हाताला एकदम हलकं लागलं. बोल्टबरोबर नळीही भोकात गोल फिरत होती. उलटा फिरवला, तरी तेच. आवळता येईना आणि काढताही येईना. पाहुणा उंबऱ्यावर उभा राहून गप्पा मारतो, तसं ते प्रकरण झालं.

"अहो, गाडी आली," बायकोने बाहेरून हाक मारली. "झालं का?"

"झालं," जावई म्हणाला.

आणि 'झालं' म्हटल्याबरोबर वर्षानुवर्षांच्या सवयीने त्याचा हात खिशाकडे गेला, मार्कर निघाला आणि एक, दोन, तीन, चार रेघा पडल्या. कारखान्यात त्या अशाच पडत, एका दमात. चौथी पडल्यावर त्याच्या लक्षात आलं. त्याने बोटाने पुसून पाहिली, थुंकी लावून पाहिली. पण शाई सासूबाईंनी निवडलेली होती. ती जाणारी नसावी हाच तर तिचा गुण होता.

सासूबाई वॉकर टेकत आत आल्या. खुर्चीत टेकल्या टेकल्या त्यांनी घरभर नजर फिरवली. सतरंज्या पास झाल्या, पलंग पास झाला.

"दांडा?"

"ह्यांनी बसवला," मुलगी म्हणाली.

"रेघ?"

"चारही हिरव्या."

"मग प्रश्नच मिटला," सासूबाई म्हणाल्या आणि पाणी मागितलं.

जावई त्या पेल्याकडे बघत राहिला. डोळ्यांसमोर त्याला तो पत्रा दिसत होता. कारखान्यात कपाटांच्या फळ्यांना वाळूची पोती टांगून बघत, तेव्हा पातळ पत्रा कसा फाटतो ते त्याने पाहिलं होतं. चारांतला एक सैल असला की पाटीचा तो कोपरा उचलतो, सगळा ओढा शेजारच्यावर येतो, आणि पाकिटाचा कागद फाटावा तशी फट एका भोकातून दुसऱ्या भोकात जाते. आवाजही फारसा होत नाही. पोती टांगायला त्याला बाईंनीच शिकवलं होतं.

"आई, पाणी जरा बेतानं घ्या," तो म्हणाला.

"का?"

"नाही, एकदम एवढं…"

"डॉक्टर म्हणाले भरपूर प्या," बायको म्हणाली आणि पेला पुन्हा भरला. भरताना तिने नवऱ्याकडे बघितलं. आईला पाणी नाकारणारा माणूस आपण कसा निवडला, असं काहीसं त्या बघण्यात होतं.

जावई पाना घेऊन गुपचूप संडासाकडे वळला. दार बंद होतं. आत सासरे होते, आणि सासरे आत असले म्हणजे वर्तमानपत्रही आत असे.

त्याने दारावर टकटक केली. "बाबा, दांड्याला धरू नका हां."

"मी कशाला धरू? मी काय म्हातारा आहे?" आतून आवाज आला. मग पान उलटल्याचा आवाज. "छान बसवलाय पण. मघाशी धरून बघितला."

"हलला का?"

"मी हलवला नाही. हिरवी रेघ आहे ना त्याच्यावर."

सासरे सवडीने बाहेर आले. जावई आत शिरला आणि चौथ्या बोल्टशी झटू लागला. नळीची कॉलर पाटीखाली दडलेली, तिला धरायला जागा नाही. पाटीखाली पेचकस घालून बोल्ट ओढून धरला, तर दुसरा हात पान्याला पुरेना. कपाळावरचा घाम कमोडच्या झाकणावर टपटपत होता. तेवढ्यात बाहेर फरशीवर वॉकरचं रबर वाजलं. टक. मग पाऊल. मग टक.

त्याने दार उघडलं. सासूबाई समोर उभ्या होत्या, मागे मुलगी, त्यांच्याही मागे सासरे. संडासासमोर एवढी गर्दी त्या घराने पहिल्यांदाच बघितली.

"जावईबापू, बाजूला व्हा."

"आई, फरशी ओली आहे."

"मी पुसते," बायको म्हणाली.

"आणि दिवाही जरा…"

"दिवसाढवळ्या दिवा कशाला?" सासूबाईंनी एक हात वॉकरवरून सोडला आणि त्याच्या खांद्यावरून दांड्याकडे पुढे केला. त्या दांड्याकडे बघतसुद्धा नव्हत्या. रेघा त्यांना दारातूनच दिसल्या होत्या.

"मॅडम," जावई म्हणाला.

हात हवेत थांबला. लग्न झाल्यापासून त्याने त्यांना घरात कधी मॅडम म्हटलं नव्हतं. ती हाक कारखान्याची होती.

"काय?"

"खालचा उजवा फिरतोय."

सासूबाईंनी हात परत वॉकरवर ठेवला. त्यांनाही बहुधा कळलं नाही, पण त्याही कारखान्यात गेल्या.

"रेघ कुणी मारली?"

"मी."

"फिरायच्या आधी मारलीस की नंतर?"

प्रश्न साधा होता. आधी मारली असती तर तो अपघात होता, आणि अपघात बाई माफ करत. जावयाला 'आधी' म्हणणं जिभेच्या टोकावर आलेलं जाणवलं. बायको फरशी पुसायची थांबून त्याच्याकडे बघत होती.

"नंतर," तो म्हणाला.

सासूबाईंनी पहिल्यांदाच दांड्याकडे नीट बघितलं. मग म्हणाल्या, "माझी पर्स आण." ते मुलीला उद्देशून होतं, पण धावला जावई. पर्समध्ये नापास मालावर फुली मारायचा लाल मार्कर होता. निवृत्त होऊन इतका काळ लोटला तरी बाई तो बाळगून होत्या. त्या आता लाल फुली नेमकी कशावर मारतात, याचा जावयाला अंदाज येईना. त्याने नकळत कपाळावरचा घाम पुसून घेतला.

त्यांनी मार्कर त्याच्याच हातात दिला. "चारांवर. तीन चांगल्या म्हणून त्यांना सोडायचं नाही. मुलीला बाहेर सांगितलंस ते चारांचं सांगितलंस."

जावयाने चार फुल्या मारल्या. शेवटची वाकडी आली.

"हे सगळं छान झालं," सासूबाई म्हणाल्या, "पण मला जायचंय. आत्ता."

सासरे पुढे झाले. "मला धर."

सासूबाईंनी त्यांना वरपासून खालपर्यंत न्याहाळलं. "तुमची तपासणी कधी झाली शेवटची?"

"लग्नात."

"तेव्हा माझ्याकडे खातं नव्हतं," त्या म्हणाल्या. तरी एक हात त्यांच्या खांद्यावर टाकला, दुसरा मुलीच्या. दार लागलं. जावई लाल मार्कर घेऊन बाहेर उभा राहिला आणि आतल्या प्रत्येक खुट्ट आवाजाला दाराला कान लावत राहिला. पाणी सोडल्याचा आवाज आला तेव्हा कुठे त्याने मार्करला टोपण लावलं.

दुसऱ्या दिवशी स्टोअरचं दार उघडायच्या आधीच तो तिथे उभा होता. दात्यांच्या आखूड नळ्या त्याने एकाच खोक्यातल्या घेतल्या. तसल्याच पातळ पत्र्याचा एक तुकडा भंगारातून उचलला, त्यावर आधी एक नळी बसवून पाहिली, ती फिरते का ते पाहिलं, उलटा करून तिचं पोट पाहिलं. दांड्याच्या छोट्या पाटीखाली घालायला रुंद जाड पट्टी कापून आणली, म्हणजे ओढा एका जागी येणार नाही. घरी जुन्या बोल्टचं डोकं ड्रिलने उडवलं, तेव्हा गुळगुळीत नळी फोममध्ये कुठेतरी गडप झाली. ती अजून त्या भिंतीतच आहे. घरजावई शेवटी कुठे जाणार.

नवी भोकं जुन्यांपासून चार बोटं वर पाडली. सासूबाई दारात खुर्ची टाकून बसल्या होत्या आणि चकार शब्द बोलत नव्हत्या. याहून त्या ओरडल्या असत्या तर बरं, असं जावयाला वाटत होतं. एक नळी ओढली, बोल्ट आवळला, हाताने ओढला. दुसरी. तिसरी. चौथ्यापाशी तो उगाचच जास्त वेळ थांबला. शेवटी त्याने दांड्याला दोन्ही हातांनी धरून पाय उचलले आणि लोंबकळला. भिंत बिस्किटांच्या डब्यासारखी वाजली. दांडा जागचा हलला नाही.

"मॅडम, रेघ तुम्ही मारा," तो खाली उतरून म्हणाला.

"बसवला कुणी?"

"मी."

"मग तूच मार."

त्याने प्रत्येक बोल्टवर पुन्हा पाना लावून पाहिला आणि एकेक रेघ मारली. या वेळी त्या एका दमात पडल्या नाहीत.

सासूबाई उठल्या. वॉकर दारात सोडून त्या आत गेल्या. मुलीने धरायला हात पुढे केला, तो त्यांनी बाजूला सारला. रेघा डोळ्यांसमोर होत्या, चारही हिरव्या, चारही सरळ. त्यांनी हात दांड्यावर ठेवला. आणि भार टाकण्याआधी, अगदी हलकेच, दांडा एकदा ओढून बघितला.

जावयाने ते पाहिलं, आणि त्याने पाहिलंय हे सासूबाईंनी पाहिलं.

"जावईबापू," त्या म्हणाल्या, "दार लावून घ्या."

त्याने दार लावून घेतलं. कडी नीट बसली की नाही, ते त्याने बाहेरून दोनदा ओढून पाहिलं.