हॅनाची साक्ष

फिनबारच्या वकिलाने मला कोर्टाबाहेरच्या बाकावर गाठलं आणि दर मुलीमागे आठवड्याला पंचवीस युरो देऊ केले. मला स्वतःला काही नाही. आवाज मऊ करून तो म्हणाला, "सही करून टाका, बाई. आत गेलात तर याहून कमी पदरात पडेल." पंचवीस युरोत कीलिनचे शाळेचे बूटसुद्धा येत नाहीत, आणि तिच्या पाठीवर एथ्ना आहेच. मी म्हटलं, कमी मिळालं तर मिळालं, पण ते मी जजबाईंच्या तोंडून ऐकेन.

माझ्या बाजूने वकील नव्हता. सरकारी खर्चाच्या वकिलासाठी नाव नोंदवून सात महिने झाले होते, अजून पत्ता नव्हता. घटस्फोटाला आणखी वर्ष तरी लागणार. तोवरची पोटगी आज ठरायची होती. एकदा पन्नासावर ठरली असती, तर ती वाढवून घेण्यासाठी मला पुन्हा दारात कोण उभं करणार होतं?

असले खटले आमच्याकडे बंद दाराआड चालतात, ते एक बरं आहे. जजबाईंनी फिनबारच्या मिळकतीचा कागद वाचला. माझा नवरा कॉर्क शहरभर भिंतींना गिलावा करत फिरतो, शनिवारीसुद्धा. कागदावर मात्र तो तीन दिवस काम करून आठवड्याला दोनशे साठ मिळवणारा गरीब बिचारा होता. बाकीचे दिवस रोखीचे, त्यांचा कागद होत नाही. व्हॅन, डिझेल, फोन आणि जुनं कर्ज मिळून खर्च एकशे नव्वद. हल्ली आईकडे राहतो म्हणून तिला साठ. उरले दहा. त्या दहातून पन्नास द्यायला निघाला होता, म्हणजे दानशूरच म्हणायचा.

ते साठ शाबीत करायला वकिलाने माझ्या सासूलाच, हॅना टूमीला, साक्षीला आणलं होतं. इथेच त्या शहाण्याचं चुकलं. तो आमच्या वस्तीतला नव्हता. आमच्याकडे कमावता मुलगा शुक्रवारी आईच्या हातावर पैसे ठेवतो, आणि किती ठेवतो त्यावर गल्लीत त्या आईची पत ठरते. लग्न झालं की ही रीत संपते. फिनबारने ती लग्नानंतरही बारा वर्षं पाळली. आमची निम्मी भांडणं त्यावरूनच झाली.

मुलगा तुमच्याकडे राहतो ना, खाण्या-राहण्याचे पैसे देतो ना, असं वकिलाने विचारलं. हॅनाने दोन्हीला हो म्हटलं आणि तो समाधानाने खाली बसला. किती देतो ते विचारायची त्याला गरज वाटली नाही, कारण आकडा कागदावर होताच. मग जजबाईंनी मला विचारलं, तुम्हाला काही विचारायचंय का. मी उठले.

"हॅना, फिनबार तुम्हाला साठ देतो, असं लिहिलंय इथे. गल्लीतल्या डोनलची आई तर त्याच्याकडून शंभर घेते म्हणे. तुमच्या वाट्याला जरा कमीच येतं, नाही का?"

फिनबारने झटकन मान वर केली. आपली आई त्यालाही माझ्याइतकीच ठाऊक होती. वकील उठेपर्यंत उशीर झाला होता.

"साठ? कोण म्हणतं साठ?" हॅना कडाडली. "माझा मुलगा मला दोनशे देतो. दर शुक्रवारी, न चुकता. डोनलची आई नुसत्या बाता मारते. तिला तीस मिळाले तरी देव पावला."

जजबाईंनी पेन खाली ठेवलं. दोनशे साठ कमावणारा माणूस आईला दोनशे देतो आणि वर एकशे नव्वद खर्च करतो, हे कसं जमतं ते आम्हालाही शिकवा, असं त्या फिनबारला म्हणाल्या.

दर मुलीमागे सत्तर ठरले, मला पन्नास, आणि सगळं कोर्टाच्या कचेरीत भरायचं, म्हणजे बुडवायची सोय नाही. मला रडू आलं, आणि मी ते आवरलं नाही.

बाहेर पायऱ्यांवर फिनबार आईवर उखडला. "आई, तू मला बुडवलंस." हॅनाला तोवर काही उमगलंच नव्हतं. तिच्या चेहऱ्याचा रंग उतरलेला मी पाहिला. तिच्या तोऱ्याचा मी उपयोग करून घेतला होता. ती आता माझ्यावर तुटून पडणार अशी माझी खात्री होती, आणि मीही तयारीत होते.

"मी खोटं बोलले का?" तिने मुलाला विचारलं. "मग साठ कोणी लिहिलं? माझी किंमत साठ?" तिने कोटाची बटणं लावली. मग म्हणाली, "शुक्रवारी आधी पोरींचे भर. उरले तर माझ्याकडे आण. नाही उरले तरी जेवायला ये."

फिनबार पाय आपटत व्हॅनकडे गेला. हॅना माझ्याकडे वळली.

"आणि तू. असलं काही विचारायचं असेल तर घरी येऊन विचारायचं."

"घरी विचारलं असतं तर सांगितलं असतं तुम्ही?"

तिने खरोखरच विचार केला.

"नाही," ती म्हणाली.