सैल पट्टा

एकवीस सेंटीमीटर.

लिफ्ट तळघरापर्यंत जात नाही. पहिल्या मजल्यावर उतरायचं, मग जिना.

नवऱ्याचा मेसेज: पडदे निळे घेऊ की राखाडी?

ओल्या चादरीचं वजन चादर उचलणाऱ्यालाच विचारावं.

अहवाल, पान चार: 'लाँड्रीतील महिलांचा रक्तदाब समाधानकारक.' वाक्य माझं.

फॉर्मवर नाव, वय, वजन, तंबाखू, घरात कुणाला झटका. दंडाच्या घेराला रकाना नाही.

सरळ सांगते, कारण साडेअकराला मीटिंग आहे. मी हृदयरोगतज्ज्ञ. बंद पडलेल्या नळ्या उघडायचं काम चौथ्या मजल्यावर चालतं, मी ते बरं करते. पण नळी बंद पडायच्या आधीच माणूस गाठावा, तोही ज्याला गाठायला कुणी जात नाही असा, म्हणून सहा वर्षांपूर्वी याच हॉस्पिटलच्या तळघरात, लाँड्रीशेजारच्या खोलीत, दर बुधवारी तपासणी सुरू केली. बासष्ट बायका. सगळं छान निघालं. इतकं छान, की आजच्या मीटिंगमध्ये ती खोली बंद होणार आणि मी नव्या विभागाची प्रमुख होणार.

सकाळी पावणेदहाला बीपीच्या पट्ट्याची नळी फाटली. नर्सबाई मुलांच्या वॉर्डातून एक पट्टा मागून घेऊन आली. खुर्चीत लाँड्रीतली काडीपैलवान बसली होती. नाव मैत्रिणींनी ठेवलेलं. दंड काडीसारखे आणि गाठोडी दोन माणसांची उचलते.

"पोरांचा पट्टा लावताय, आता औषधही चमच्यानं पाजणार का?"

"गप बस गं," नर्सबाई म्हणाली. "बोललीस की बीपी वाढतं."

"सहा वर्षं बोलतेय. तेव्हा नाही वाढलं ते."

एकशे बावन्न.

परत. एकशे चोपन्न. पाच मिनिटं थांबून परत. बावन्न. तिच्या वहीत मागचे बुधवार: चौतीस, बत्तीस, छत्तीस. जुना पट्टा चौथ्या मजल्यावरच्या पुरुषांच्या वॉर्डातून आलेला. रुंद. बारीक दंडावर रुंद पट्टा बांधला की आकडा कमी दिसतो. हे मी दर वर्षी विद्यार्थ्यांना शिकवते.

बसवेना. टेपनं तिचा दंड मोजला, एकवीस. तीच टेप घेऊन लाँड्रीत गेले. वाफ, यंत्रांची घरघर, आणि मी एकेकीचा दंड मोजतेय.

"ब्लाउज शिवताय का मॅडम?" कुणीतरी विचारलं. "मग गळा जरा मोठा ठेवा."

वीस. बावीस. एकोणीस. एकतीस. परत वीस. पाचही जणींचं बीपी पोरांच्या पट्ट्यानं घ्यायला गेले. एकतीसवालीला तो पुरलाच नाही. बाकी चौघींचं वर गेलं.

काडीपैलवान मागे येऊन उभी राहिली. "म्हणजे मापात पाप झालं म्हणा की."

"पाप नाही. चूक."

"बरं, चूक." ती हातातली उशीची खोळ घडी करत राहिली. एकदा, दोनदा, परत उलगडून. "ताईचा दंड तर माझ्याहून बारीक होता."

तिची थोरली बहीण. शेजारच्याच यंत्रावर होती. पान चारवर तीही समाधानकारक आहे. चार महिन्यांपूर्वी चादरींच्या गाड्यावर कोसळली. उजवी बाजू गेली, बोलणं गेलं. मी तेव्हा म्हटलं होतं, कधीकधी बीपी चांगलं असूनही होतं असं.

"होता," मी म्हटलं.

अकरा दहा. जिन्यात नवऱ्याला फोन लावला.

"मीटिंग झाल्यावर सांग ना," तो म्हणाला. "आधी पद तर हातात येऊ दे. मग तूच सगळ्यांना नवे पट्टे दे. सहा वर्षं थांबलंय, एक दिवस थांबेल."

"खोली आज बंद होतेय."

"तू एकटीनं जगाचा मक्ता घेतलायस का?"

पहिल्या मजल्यावर लिफ्ट उभी होती. मी जिन्यानंच गेले. दुसरा, तिसरा. दोनदा थांबले. दम लागला म्हणून नाही.

मीटिंग. मोठे साहेब, सहा खुर्च्या, सगळ्यांपुढे पान चार उघडं.

"अभिनंदन," साहेब म्हणाले. "इतकं स्वच्छ काम क्वचित दिसतं."

"पान चार चुकीचं आहे, सर."

"छपाईची चूक?"

"मोजायची. माझी."

पट्ट्याचं सांगितलं. दंडांचं सांगितलं. थोरल्या बहिणीचं सांगताना सगळे टेबलाकडे बघत होते. साहेबांनी चष्मा काढला.

"हे उद्या सांगितलं असतं तर चाललं नसतं का हो?"

"उद्या खोलीला कुलूप असतं."

"आणि प्रमुखपदाचं?"

"त्याचं तुम्ही बघा."

त्यांनी बघितलं. तो विषय यादीतून गेला. खोली राहिली, सहा महिने, फेरतपासणीपुरती. कुणीतरी खिडकी उघडली.

बाराला मी परत तळघरात. काडीपैलवानला औषध लिहून दिलं, रोज सकाळी एक. तिनं चिठ्ठी वाचली, घडी करून कमरेला खोचली.

"संध्याकाळी घरी येते तुमच्या," मी म्हटलं. "ताईंना मीच सांगते."

"तिला सगळं कळतं हं. फक्त बोलत नाही."

"माहीत आहे."

"मग कामावरून सुटल्यावर फाटकाशी थांबा. घर सापडायचं नाही तुम्हाला."

नर्सबाईनं पुढचीला हाक मारली. एकोणीस सेंटीमीटर.

लहान पट्टे या खोलीसाठी पहिल्याच वर्षी आले होते, आठ, खोक्यात. खोकं कपाटावर ठेवायला तेव्हा मीच सांगितलं होतं.