रडायला जागा

“माझी सतरंजी कुठाय?”

आमचे हे न्हाणीत होते. उत्तराऐवजी डोक्यावर तांब्या ओतल्याचा आवाज आला.

“लाल पट्ट्यांची. माझ्या माहेरची. पेटीवर ठेवली होती,” मी दाराशी जाऊन ओरडले.

“दवाखान्यात आहे,” आतून आवाज आला.

“का? कोण आजारी आहे?”

“माझ्या तिथे कुणी आजारी नसतं, प्रतिभा.”

ही गोष्ट चौऱ्याण्णव सालच्या उन्हाळ्यातली. आमच्या ह्यांचं नाव चंदर. नाशिकच्या एका सरकारी दवाखान्यात पीएमच्या खोलीवर शिपाई. पीएम म्हणजे पोस्टमॉर्टेम. एवढं सांगितलं की समोरचा माणूस नकळत अर्धं पाऊल मागे सरकतो. चाळीत हळदीकुंकू असलं की मला बोलावणं यायचं, पण सगळ्यांच्या शेवटी. मी अंगणवाडीत सेविका. दिवसभर दुसऱ्यांच्या पोरांची नाकं पुसायची आणि संध्याकाळी हे आले की आधी आंघोळ, मग बोलणं, असा घरात मीच नियम घातलेला. आणि माझी माहेरची सतरंजी ह्यांनी नेऊन टाकली कुठे, तर तिथे! माझं डोकंच फिरलं. दुसऱ्या दिवशी अंगणवाडी सुटल्यावर मी तडक सतरंजी आणायला निघाले.

पीएमची खोली दवाखान्याच्या अगदी मागच्या बाजूला. पुढे उघडं डांबर, बाजूला मोडक्या खाटांचा ढीग, आणि भिंतीलगत एक बदामाचं झाड. पेठकडची दहाबारा माणसं सकाळपासून ताटकळत होती. पोलिसांचा कागद यायचा होता, डॉक्टर जेवायला गेले होते. एक म्हातारा तापलेल्या डांबरावर पाय पोटाशी घेऊन बसला होता. एक बाई भिंतीकडे तोंड करून उभ्याउभ्या रडत होती, कारण दुसरीकडे तोंड केलं तर कँटीनला जाणारे येणारे थांबून बघत होते. झाडाखाली माझी सतरंजी होती. तिच्यावर एक विशीतली मुलगी बसली होती. तिच्या कपाळावरचं कुंकू अजून कुणी पुसलं नव्हतं आणि तिला काही कळतंय असं दिसत नव्हतं.

सतरंजी परत काय मागणार? मी तशीच घरी आले. रात्री ह्यांना म्हटलं, “एक सतरंजी कशी पुरेल?”

हे पहिल्यांदा हसले.

पुढे ह्यांनी ती जागा घडवली असं मी म्हणते. हे म्हणायचे, “मी काय घडवलं? कचरा उचलला.” ड्यूटी संपली की हे तासभर मागे थांबायचे. मोडक्या खाटा बाजूला केल्या, त्यातल्या धड लोखंडाची दोन बाकं झाली. एक जुना वॉर्ड पाडला होता, त्याच्या शहाबादी फरशा अशाच पडून होत्या, त्या झाडाभोवती लावून ह्यांनी ओटा केला. पाण्याला रांजण ठेवला. फांदीला दोर बांधला, कुणाचं तान्हं पोर असलं तर झोळी करता यावी. आणि एका बाजूला पडदा लावला. तो मी शिवला, चार जुन्या चादरी जोडून. रडणाऱ्या बाईला आडोसा नको का? माणूस गेलं म्हणून बाईनं पदर तोंडात कोंबून रडायचं, कारण साहेबांच्या गाड्या तिथून जातात!

नऊ वर्षं ती जागा चालली. कुणी तिला नाव दिलं नाही, कुणी नारळ फोडला नाही. पेठ, सुरगाणा, त्र्यंबक, सिन्नर, कुठून कुठून माणसं यायची. एकमेकांना कधी न पाहिलेली माणसं त्या ओट्यावर एकमेकांना धरून बसायची. एकदा एका मुसलमान बाईला एका मराठ्याच्या म्हातारीनं मांडीवर डोकं ठेवून निजवलेलं मी डोळ्यांनी पाहिलं. हे मधूनमधून बाहेर यायचे, ज्याच्या डोळ्यांत पाणी नाही अशा माणसापुढे पेला धरायचे आणि म्हणायचे, “घोटभर घ्या. अजून बराच वेळ काढायचाय.”

दोन हजार तीन साल उजाडलं. सिंहस्थ तोंडावर आला आणि सगळ्या शहराला रंगाचा डबा लागला. दवाखान्यात नवे साहेब आले होते. एके दिवशी हे घरी आले, आंघोळ केली, जेवले, आणि हात धुताना म्हणाले, “ओटा काढणार आहेत. सुशोभीकरण आहे.”

“आणि तुम्ही काय म्हणालात?”

“मी शिपाई माणूस. काय म्हणणार?”

“मग मी म्हणते,” मी म्हटलं आणि दुसऱ्या दिवशी साहेबांच्या केबिनमध्ये जाऊन उभी राहिले. बसा कुणी म्हटलं नाही.

“बाई, ते अतिक्रमण आहे,” साहेब म्हणाले.

“कुणाचं, साहेब? मेलेल्यांचं की मागे राहिलेल्यांचं?”

“हे बघा, मोठी मोठी माणसं पाहणीला येणार. तिथे लोक बसतात, रडतात, ओरडतात. दिसायला बरं दिसत नाही.”

“मग त्यांनी कुठे रडायचं?”

“घरी जाऊन रडावं.”

“माणूस तुमच्या खोलीत आणि रडायला घरी?”

साहेबांनी घंटी वाजवली. मी जाईना म्हणून वर म्हणाले, “एवढी लोकांची गरज असेल तर लोकांना आणा ना. तुमच्याशिवाय कुणी आलंय का ती जागा हवी म्हणून?”

हा त्यांचा हुकमाचा पत्ता होता. मला वाटलं, नऊ वर्षांत शेकड्यांनी माणसं बसून गेली, त्यातली दहा मिळणार नाहीत? आमच्या भागातल्या जॉगिंग ट्रॅकवरचे दिवे बंद पडले तर मोर्चा निघतो!

पंचवटीच्या भाजीबाजारात पुंजा नावाचा माळी मेथी घेऊन बसायचा. त्याचा मुलगा मोटरसायकलच्या अपघातात गेला तेव्हा तो अख्खा दिवस आमच्या ओट्यावर होता, पोराची एक चप्पल छातीशी धरून. त्या दिवशी ह्यांचा डबा द्यायला गेले होते, मीच त्याला पाणी पाजलं होतं. मी त्याच्यापुढे जाऊन बसले आणि सगळं सांगितलं.

त्यानं मेथीच्या जुड्यांवर पाणी शिंपडलं. वर बघितलंच नाही.

“मी नाय हो आलो तिकडं कधी. दुसरं कोन आसंल.”

“पुंजाभाऊ, मी होते तिथे.”

“बाई,” तो हळू आवाजात म्हणाला, “तुमी लय चांगल्या हाय. तुमचा मालक देवमानूस हाय. पन त्या जागंचं नाव माझ्यापुढं काढू नका. मी दवाखान्याच्या रस्त्यानं बी जात नाय आता.”

मला त्याचा संताप आला. बाजारातून चालत घरी येईपर्यंत मी मनात त्याला काय काय बोलले. आणखी तिघांकडे गेले, तिघांनीही हेच केलं, शब्द तेवढे वेगळे. मग कळलं. आपल्यात निघताना ‘येतो’ म्हणतात. त्या ओट्यावरून उठताना नऊ वर्षांत ह्यांना कुणी ‘येतो’ म्हटलं नव्हतं. तिथे म्हणूच नये. जिथे कुणाला परत यायचंच नसतं त्या जागेसाठी भांडायला कोण येणार? आणि ही गोष्ट त्या साहेबाला पक्की ठाऊक होती, म्हणून तर म्हणाला, लोकांना आणा. देवळाच्या पायरीला, क्रिकेटच्या मैदानाला हात लावून बघा म्हणावं!

ओटा एका सकाळीत गेला. बदामाचं झाड तेवढं ठेवलं, त्याला गेरू फासला. खाली आयती हिरवळ आणून अंथरली, चारी बाजूंनी साखळी लावली, पाटी लावली : हिरवळीवर बसू नये. ह्यांनी घरी येऊन पडदा माझ्या हातात दिला, घडी घालून. नऊ वर्षांत पहिल्यांदा आंघोळ न करता खाटेवर आडवे झाले आणि मी नियमाचं नाव काढलं नाही.

पुढे आठवड्यानं ह्यांचा डबा घरी राहिला म्हणून मी गेले. ऊन मी म्हणत होतं. सुरगाण्याकडची माणसं साखळीच्या बाहेर डांबरावर उभी होती. द्राक्षबागेतून परतताना टेम्पो उलटला होता. एक ठेंगणी म्हातारी, ठमाबाई तिचं नाव, साखळीला धरून उभी होती. तिचा धाकटा आत होता. ती खाली बसायला गेली की चटका बसून पुन्हा उठत होती. दोन हातांवर हिरवीगार सावली होती, आणि सावलीत वॉचमन उभा होता, तोंडात शिटी घेऊन.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी साखळी ओलांडली आणि झाडाखाली फतकल मारून बसले.

“ओ बाई! पाटी वाचता येत नाही का?” वॉचमन धावत आला.

“येते. चांगली वाचता येते. उचल मला!”

आणखी पुष्कळ बोलायचं होतं. साहेबाला, वॉचमनला, पुंजाला, सगळ्या गावाला. पण तोंड उघडलं आणि रडूच फुटलं. कधी नव्हे ते मी मोठ्यानं रडले, पदर न लावता.

वॉचमन जागीच थबकला. ठमाबाई साखळीखालून वाकून आत आली. माझ्याजवळ बसली. माझ्या पाठीवर तिचा खरखरीत हात फिरायला लागला.

“तुजा कोन गेला गं, बाय?”

मी नुसती मान हलवली.

“रड, बाय. दाबून नको ठेवू. रड.”

तिची सून आली, पाठोपाठ तिची बाकीची माणसं आली, सगळी हिरवळीवर टेकली. वॉचमननं शिटी तोंडातून काढली.

तेवढ्यात आतलं दार उघडलं. आमचे हे बाहेर आले. “ठमाबाई कोण? या, तुमचा माणूस ताब्यात घ्या,” असं म्हणता म्हणता त्यांची नजर माझ्यावर पडली.

ठमाबाई उठली नाही. तिचा हात माझ्या पाठीवर तसाच होता.

“माजा राहू दे, दादा,” ती ह्यांना म्हणाली. “हिचा आदी दे. ही एकलीच हाय.”

हे दारात तसेच उभे राहिले.