अस्तरातला सूर्य

ओबिनाचे वडील गेले आणि तिसऱ्या दिवशी भांडण लागलं ते शवपेटीवर झेंडा घालायचा की नाही, यावरून. घर त्यांचं, माणूस त्यांचा, भांडण त्यांचं. मी आपली डब्यात वरणभात घेऊन गेलेली शेजारीण. तरी शेवटी सगळं येऊन पडलं ते माझ्याच शिलाई मशीनवर.

१९९४चा मार्च होता. नॉटिंगहॅमला फॉरेस्ट फील्ड्समध्ये आमच्यापासून चार दारं सोडून मामा ओबिनाचं घर. तिचं खरं नाव फेलिशिया एझेन्वा. पण त्यांच्यात मामा म्हणजे आई, बाईला मुलाच्या नावानं हाक मारतात, आणि आमच्याकडेही अमक्याची आई म्हटलं की काम भागतं. तेव्हा पहिल्याच आठवड्यात ती माझी मामा ओबिना झाली आणि मी तिची मामा शिल्पा. तेरा वर्षं आम्ही होजिअरीच्या फॅक्टरीत शेजारशेजारच्या मशीनवर बसलो. फॅक्टरी बंद पडल्यावर मी घरीच ऑल्टरेशनची कामं घ्यायला लागले आणि ती दर शनिवारी येऊन माझे टाके तपासायला लागली. "हा टाका दारू प्यायलाय," म्हणायची. बघावं तर खरंच वाकडा असायचा.

झेंडा बायाफ्राचा. हे नाव आता फार कुणाच्या लक्षात नसेल. सदुसष्ट साली नायजेरियातून फुटून त्यांनी आपला वेगळा देश केला होता. मुख्यतः इग्बो लोकांचा. अडीच वर्षं टिकला, सत्तरच्या जानेवारीत हरला आणि नकाशावरून गेला. मी तेव्हा परभणीला होते. वर्तमानपत्रात पोट फुगलेल्या, हातापायांच्या काड्या झालेल्या मुलांचे फोटो यायचे आणि आई पेपर पालथा घालून ठेवायची. बायाफ्रा म्हणजे मला एवढंच माहीत. झेंडा पाहिला तो इथं, एझेन्वांच्या साइडबोर्डवर, म्हणजे जेवणघरातल्या बुटक्या कपाटावर. लाल, काळा, हिरवा असे तीन आडवे पट्टे आणि मधल्या काळ्यावर अर्धा उगवलेला पिवळा सूर्य, अकरा किरणांचा. अलीकडे बरीच वर्षं तो तिथं दिसत नव्हता. मला वाटलं, विटला असेल, ठेवून दिला असेल.

त्यांच्या इथल्या इग्बो मंडळात या झेंड्यावरून कायमची धुसफूस. मे महिन्यात, त्या देशाच्या स्थापनेच्या दिवशी, हॉलमध्ये लावायचा विषय निघाला की निम्मे लोक कोट घालून उठायचे. लढाई संपली, गावाकडे आपली माणसं आहेत, त्यांच्या जिवाला घोर कशाला, असं काहींचं म्हणणं. मग मेले ते कशासाठी, असं उरलेल्यांचं. आता तर देह गावी न्यायचा होता, उमुआहियाजवळ, आणि तिकडे लष्कराचं राज्य. ओबिनानं आईला साफ सांगितलं, "लागोसला पेटी उघडून बघतात म्हणे. झेंडा सापडला तर पापा विमानतळावर राहतील आणि मी तुरुंगात." मंडळाचा सेक्रेटरी सांगून गेला, झेंडा दिसला तर आम्ही प्रार्थनेला येणार नाही. दुपारी खजिनदार येऊन म्हणाला, झेंडा नाही दिसला तर आम्ही येणार नाही.

बुधवारी मामा ओबिना माझ्याकडे आली. एका हातावर पापांचा निळा सूट, दुसऱ्या हातात घडी केलेला झेंडा.

"बाह्या आत घे थोड्या," ती म्हणाली. "आजारपणात आटले ते."

"घेते."

झेंडा तिनं टेबलावर ठेवला. उघडला नाही. "हा मी शिवलाय."

"माहितीये. काठ बघूनच कळतं."

"अडाओबीचं तुला सांगितलंय ना मी?"

नावापुरतं सांगितलं होतं. ओबिनाच्या पाठची मुलगी. एकोणसत्तर साली निर्वासितांच्या छावणीत भुकेनं गेली, अडीच वर्षांची होऊन.

"शाळेच्या वर्गात आम्ही बाराजणी झेंडे शिवत होतो," ती सांगायला लागली. माझ्याकडे बघत नव्हती, मशीनकडे बघत होती. "बाहेर कापड कुठं मिळतच नव्हतं. पोरीला गुंडाळायला मी माझं नेसूचं फाडलं. ते आधीच अर्धं फाडलेलं. पाय उघडे राहिले तिचे. मामा शिल्पा, माझ्या मशीनखाली अठरा झेंडे पडले होते. एक उचलला असता तर कोण विचारणार होतं? पण मोजून दिलेलं कापड. आणि मी प्रामाणिक." शेवटचा शब्द तिनं शिवी हासडल्यासारखा उच्चारला.

मी चहा ठेवायला उठले, तर तिनं मनगट धरून बसवलं.

"हा मी नंतर शिवला. उरलेल्या चिंध्यांचा. आता हा तिच्या बापाबरोबर जाऊ दे. तिकडे ती भेटेल त्यांना, तेव्हा हातात पांघरूण असेल."

यावर कुणाला काय सुचणार? मला सुचलं, तेच नडलं.

"कोटाचं अस्तर उसवते," मी म्हणाले. "पाठीच्या आत हा पसरून घालते. वर परत अस्तर. कुणी खिसे उलटे केले तरी सापडायचा नाही."

तिनं कोटाच्या पाठीवरून तळवा फिरवला. मग, "सुरकुती?"

"पडणार नाही."

"टाका हातानं."

"हातानंच."

"लांब नको घालूस."

"मामा ओबिना, पुरे आता."

ती हसली. त्या आठवड्यात पहिल्यांदाच. जाताना दारात म्हणाली, "ओबिनाला नको सांगू. त्याच्या बायकोलाही."

दीड दिवस मी त्या कोटावर बसले. आमचे सुखदेवराव पोस्टातून आले, बघत उभे राहिले. "मेलेल्या माणसाच्या कोटाला एवढं फिनिशिंग?"

"जिवंत माणसं कोट परत घेऊन येतात, अहो. हे येणार नाहीत."

शिल्पाचा ब्रिस्टलहून फोन आला, तिला सांगितलं. तिचं मराठी तिकडे गेल्यापासून आणखीच पातळ झालंय. "मम्मी, तू का मध्ये पडते? तो त्यांचा फॅमिली मॅटर आहे. आणि तुझा पाठ दुखेल." माझा पाठ दुखतच होता. पण कोट असा झाला होता, की मीच बोट फिरवून पाहिलं तर आत काही आहे असं वाटेना.

निदान बोटाला वाटेना. शुक्रवारी सकाळी सूट पोचता केला, दुपारी इबिनाबो आली. ओबिनाची बायको, हॉस्पिटलात नर्स. हातात तोच सूट, प्लॅस्टिकच्या कव्हरमध्ये. खिसे उलटे करणाऱ्यांचा मी विचार केला होता, इस्त्री करणारीचा केला नव्हता. इस्त्री पाठीवरून जाताना जाडी लागते, ती लपत नाही. तिनं खालून चार टाके उसवून पाहिलं होतं. टाके अगदी नीट काढलेले, जखमेचे काढावेत तसे.

"आंटी, हे तुमचं काम. मला तुमचा टाका ओळखू येतो."

मी सूट तिच्या हातातून घेतला.

"बसू का?" म्हणाली आणि बसली. "मी इग्बो नाही, तुम्हाला माहितीये?"

माहीत नव्हतं. मला ती सगळी एकच वाटायची. लोकांना आम्ही सगळे एकच वाटतो, त्याचा मला केवढा राग येतो.

"आम्ही कालाबारी. पोर्ट हार्कोर्टच्या पलीकडे, खाडीतले. बायाफ्रात आमचा भाग धरला होता, आम्हाला कुणी विचारलं नाही. अडुसष्ट साली मी सहा वर्षांची. सैनिक घरी आले, दंडावर हा सूर्य शिवलेला. बाबांना म्हणाले, तू शत्रूला फितूर. बाबा शाळामास्तर होते, ते काय फितूर होणार? चपला घालू दे म्हणाले तर तेही करू दिलं नाही. चपला दारातच राहिल्या. आई रोज पुसायची त्या."

बाहेर आइस्क्रीमची गाडी आपलं गाणं वाजवत गेली. मार्चमध्ये कोण आइस्क्रीम खातं कोण जाणे.

"पापांना ठाऊक होतं?" मी विचारलं.

"लग्नाआधी मीच सांगितलं. ते काही बोलले नाहीत. पण दुसऱ्या दिवसापासून साइडबोर्डवर झेंडा नव्हता. आठ वर्षं मी त्या घरात जेवतेय आंटी, एकदाही दिसला नाही. शेवटचे चार महिने त्यांची अंघोळ, बेडपॅन, सगळं मी केलं. उद्या कोट पण मीच घालणार. तो सूर्य माझ्या हातानं त्यांच्या पाठीवर चढवू?"

"काढू मग?"

"मला विचारलंत तर मी काढा म्हणेन. म्हणून विचारू नका. अडाओबीचं मला माहितीये." ती उठली. "सकाळी नऊला सूट न्यायचाय. जसा असेल तसा नेईन. मामांना यातलं काही सांगणार नाही."

ती गेली. सूट खुर्चीच्या पाठीवर, माणूस बसल्यासारखा.

आमच्या घरात बाबासाहेबांच्या फोटोखाली एक लहानसा निळा झेंडा असतो. परभणीहून येताना आईनं साड्यांच्या घडीत घालून दिलेला. त्याला कुणी हात लावला तर मी काय करीन, ते मला माहीत आहे, म्हणून मामा ओबिनाचं मला समजावून सांगावं लागलं नाही. पण अठ्ठ्याहत्तर साली आमच्या भावाच्या वस्तीवर जाळायला आले, तेव्हा तेही एका झेंड्यामागूनच आले होते. रंग कुठला ते सोडा. भाऊ अजून त्या रंगाच्या कापडाच्या दुकानासमोरून जात नाही, पलीकडच्या फुटपाथनं जातो. आम्ही त्याला हसतो.

चार दारं चालत जायचं होतं फक्त. मामा ओबिनाला म्हणायचं होतं, पापांनी तो स्वतःच उचलून ठेवला होता गं, त्यांनी तुला का ते सांगितलं नसेल. पण तेवढं बोलले असते तर सुनेचं नाव आलंच असतं, आणि नवऱ्याच्या मरणात ती त्या पोरीला काय बोलली असती, कोणास ठाऊक. मी गेले नाही. कात्री घेतली आणि दिवे लागायच्या आत सगळं उसवलं. पाठीत सूर्य होता तिथं साधं अस्तर घातलं. टाके हातानं घातले. लांब घातले नाहीत.

शनिवारी अंत्यदर्शनाला मोजून नऊ माणसं. सेक्रेटरीही नाही, खजिनदारही नाही. पापा निळ्या सुटात बरे दिसत होते, बाह्या बेताच्या. मामा ओबिना वाकली. त्यांच्या कपाळाला हात लावला, कॉलर सारखी केली, आणि मग हात हळूच खांद्यामागून पाठीखाली घातला. बघणाऱ्याला वाटावं, कवळ घालतेय.

तेरा वर्षं कापडाची जाडी चिमटीत ओळखलेली बाई. तिचा हात थांबला. मला ते दिसलं. पुन्हा एकदा फिरला, खालपर्यंत गेला, आणि बाहेर आला. तिनं कोटाचं मधलं बटण लावलं.

बाहेर आल्यावर माझ्याजवळ आली. "कुठाय?"

"माझ्याकडे. कपाटात."

"ओबिनानं सांगितलं?"

"नाही."

"तिनं?" गाडीजवळ इबिनाबो फुलं धरून उभी होती. आमच्याकडेच बघत होती. चेहऱ्यावरचं रक्त उतरलेलं, त्या रंगातही ते कळत होतं.

"कुणी नाही. मी काढला. माझ्या मनानं."

"का?"

"भीती वाटली. विमानतळाची."

"तुला?" ती म्हणाली. "तुझा नवरा होता तो? तुझी मुलगी होती?"

खोटं धरून ठेवायला दोन्ही हात लागत होते.

संध्याकाळी ती स्वतः आली. आत ये म्हटलं तर आली नाही. पॅसेजमध्येच झेंडा घेतला, उलगडून काठ तपासले, माझ्या सुईची भोकं बोटानं चाचपली. मग अंगावरचा आपला कोट काढला, झेंडा कमरेला गुंडाळला आणि वरून आपलं नेसण घट्ट आवळलं.

"माझ्या वयाच्या बाईच्या कमरेकडे कोण बघतंय," म्हणाली. माझ्याशी नव्हे, भिंतीशी बोलावं तशी. सोमवारी ते तिघं पेटी घेऊन गेले.

मे महिन्यात परत आले. पहिल्या आठवड्यात इबिनाबो मागच्या दारानं आली. "माती द्यायच्या आधी मामांनी सगळ्यांना मागं सरायला सांगितलं," ती म्हणाली. "एकट्याच उभ्या राहिल्या खड्ड्यापाशी. मी मुद्दाम दुसरीकडे बघत होते, आंटी. झेंडा आत गेला का काय, मला खरंच माहीत नाही." मग तिला रडू फुटलं. "मी त्यांना सांगते सगळं. तुमच्यावर का?"

"सांगायचं नाही," मी म्हणाले. "शपथ आहे तुला." शपथ तिच्या भाषेत काय म्हणतात मला माहीत नाही, पण ती गप्प झाली.

त्यानंतर शनिवार मोकळेच गेले. मामा ओबिना माझ्या खिडकीवरून जाताना मान सरळ ठेवते. मी दोनदा डबा पाठवला, दोन्ही वेळा धुऊन रिकामा परत आला, तोही पोस्टमनच्या हाती, म्हणजे आमच्याच सुखदेवरावांच्या.

जूनमध्ये एकदा बस स्टॉपवर गाठ पडली. ती पुढं, शेजारी इबिनाबो, मध्ये तीन माणसं, मग मी. उन्हानं तिला धाप लागली होती.

"मामा ओबिना," मी हाक मारली.

तिनं वळून पाहिलं नाही. सुनेचा दंड धरला, सगळा भार तिच्यावर टाकला. "चल गं पोरी," म्हणाली, "बस आली. हात सोडू नकोस माझा."

इबिनाबोनं पायरीवरून मागं पाहिलं. तोंड उघडलं. मी मान हलवली, नाही म्हणून. मग तिनं सासूला जपून आत चढवलं आणि दोघी खिडकीजवळ बसल्या, एकमेकींना टेकून.

त्याच बसनं मलाही जायचं होतं. पुढची वीस मिनिटांनी होती.