पडलेली कांगडी

जावई स्वतःच मोडकी कांगडी, निखारे ठेवायची विणलेली शेगडी, घेऊन दारात उभा राहिला, तेव्हाच सुभान डारच्या मनात पाल चुकचुकली. लेकीच्या, मुख्ताच्या लग्नात सुभाननेच विणलेली होती ती, वाळुंजाच्या रंगीत काड्यांची.

“पायऱ्यांवर तिच्या हातून पडली,” अल्ताफ म्हणाला. त्याने टोपी भुवयांपर्यंत ओढली आणि मिठाचा चहाही न घेता तो चालू लागला.

सुभानने कांगडी गुडघ्यावर घेऊन फिरवली. पडलेल्या कांगडीचं बूड उसवतं, नाहीतर मूठ मोडते. हिची एकच कूस चेपली होती. ही पडली नव्हती, कुणीतरी फेकून मारली होती.

मग त्याला काही सुचेना. भिजवलेली काडी हातात घ्यावी तर मोडे. तो उठून दाराशी जाई आणि परत येई.

“पायाला भिंगरी लागलीय का?” त्याची बायको फाता वैतागली. “बसा की!”

“जावयानं पोरीला मारलंय.”

फाताचा चेहरा उतरला. “मग इथं काय येरझाऱ्या घालताय? जा ना!”

तो मुख्ताच्या सासरी जाणाऱ्या गाडीत बसला. फेरनच्या सैल झग्याखाली ती मोडकी कांगडी त्याने घट्ट धरली होती. आपणच स्थळ पसंत केलं, आपणच, हे काही डोक्यातून जाईना.

मुख्ता अंगणात भाजी धूत होती. त्याने तिची हनुवटी वर केली, बाह्या सरकवून पाहिल्या.

“कुठं लागलं? खरं सांग.”

“मला नाही लागलं, अब्बा. कांगडी मीच फेकली. ह्यांच्या डोक्यात.”

सुभान पायरीवर मटकन बसला. “निखारे होते?”

“रिकामी होती. तेवढं भान होतं मला.” तिने हातातली भाजी खाली ठेवली. “ह्यांनी हात उगारला होता. पहिल्यांदाच.”

अल्ताफ दारात येऊन खाली मान घालून उभा होता. सुभानच्या अंगाची आग आग झाली.

“चल घरी,” तो लेकीला म्हणाला.

“मी का जाऊ? हेही माझंच घर आहे. जायचं तर ह्यांनी जावं.”

सुभान जावयाकडे वळला. “टोपी काढ.”

अल्ताफने काढली. काळ्यानिळ्या कपाळावर सुभानची वीण उमटली होती, काडी न् काडी मोजता यावी इतकी स्पष्ट.

सुभानने ती बराच वेळ पाहिली. मग मुख्ताला म्हणाला, “नवी विणून आणतो. काड्या जाड घेतो.”