भुरीच्या गळ्यातली लाकडी घंटा

मी एक जुनी लाकडी घंटा आहे आणि मित्रांनो, आधीच सांगून ठेवते, माझा कोणावर चटकन विश्वास बसत नाही. तुम्ही माझी गोष्ट ऐकायला बसलात, हे चांगलं केलंत. पण मला शोभेसाठी भिंतीवर टांगायचं कोणाच्या मनात असेल, तर त्यानं आत्ताच उठावं.

आदिलाबाद जिल्ह्यातल्या जंगलाच्या कडेला कोलाम आदिवासींची एक वस्ती आहे. तिथल्या लच्चूनं शिवणीचं लाकूड कोरून मला घडवलं आणि माझ्या पोटात दोन लाकडी दांड्या टांगल्या. लच्चू शेजारच्या मराठी गावाची गुरं राखायचा. प्रत्येक गाईसाठी तो निराळी घंटा कोरायचा, कारण सागाच्या दाट रानात गाय दिसत नाही, ती ऐकावी लागते. माझी ठकठक कानावर पडली की तो मान न वळवता म्हणायचा, "भुरी नाल्याकडं चालली."

भुरी ही रामाजी आणि चंपाबाईंची गाय. दोघा नवराबायकोंनी मजुरी करून ती घेतली होती. संध्याकाळ झाली की लच्चू आपल्या कोलामी बोलीत गुरांना हाक घालायचा. ती वर वर चढायची आणि शेवटी एकदम खाली यायची. ऐकून ऐकून चंपाबाईही तशीच हाक घालू लागल्या. रानातल्या नाल्यांची आणि टेकड्यांची नावंही त्या लच्चू घ्यायचा तीच घ्यायच्या. उलट लच्चू गुरांवर चिडला, की शिव्या मात्र अस्सल मराठी द्यायचा. मला ते फार आवडायचं.

मग रामाजींनी भैंसा गावच्या बाजारातून पितळी घंटा आणली. त्यांचं पाहून गावातल्या सगळ्यांनी आणल्या. सगळ्या चकचकीत आणि सगळ्या एकाच साच्यातल्या. माझी रवानगी खुंटीवर झाली.

"रामाजीभाऊ, साऱ्या गाई एकाच आवाजात बोलून राह्यल्या," लच्चू म्हणाला. "मी वळखू कशी?"

रामाजी हसले. त्याच पावसाळ्यात भुरी रानातून परतली नाही.

गावात कुजबुज सुरू झाली, की लच्चूनं गाय इचोड्याच्या बाजारात नेऊन विकली. रामाजींनी त्याला दारात उभं करून तोंडावर विचारलं. हातातली काठी उंबऱ्यापाशी ठेवून लच्चू गेला, तो पुन्हा आलाच नाही. मी भुरीच्या गळ्यात असते तर त्यानं तिला शोधून काढली असती, हे मला कळत होतं. पण कोणी हलवल्याशिवाय मला बोलता येत नाही. त्या दिवसापासून माणसांवरचा माझा विश्वास उडाला.

गुरं राखायला कोणी उरलं नाही, म्हणून हळूहळू गुरं विकली गेली. रानात कोणी जाईना, तेव्हा रानातली नावंही कोणी घेईना. रामाजी वारले. त्यांचा मुलगा अमरदीप शिक्षक झाला आणि नात मैत्री तेलुगू शाळेत शिकली. मी खुंटीवर धूळ खात राहिले.

यंदा उन्हाळ्यात नाल्यातला गाळ काढताना गाईची हाडं निघाली आणि सोबत ती पितळी घंटा. तिच्यावर रामाजींनी खिळ्यानं कोरलेली खूण तशीच होती. चंपाबाईंनी ती धुतली आणि पदरानं पुसली.

"भुरी नाल्यातच मेली वं मैत्री! लच्चूनं नाई विकली. आमी उगाच त्याच्यावर शक घेतला."

त्या खूप रडल्या. मी मात्र सावध झाले. माणसं आधी रडतात आणि मग पसारा विकायला काढतात, हे मी खुंटीवरून पाहिलेलं आहे.

तसंच होणार असं दिसलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला पिशवीत घातलं आणि मैत्रीला घेऊन त्या रिक्षात बसल्या. रिक्षावाला इचोड्याला एका ढाब्यापाशी चहासाठी थांबला. ढाब्याच्या भिंतीवर नांगर टांगलेला, बैलगाडीचं चाक टांगलेलं. मालकानं पिशवीत डोकावून पाहिलं.

"माताजी, ये मुझे दे दो. दीवार पे अच्छा लगेगा."

"आजी, देऊन टाकायची का? घरी पडूनच असते," मैत्री म्हणाली.

मी म्हटलं, आता मीही भिंतीवर.

"ते भुरीची हाय," चंपाबाई म्हणाल्या. "गप बस."

रानातली पायवाट बुजली होती, म्हणून रस्त्याच्या वळशानं रिक्षा कोलाम वस्तीवर पोचली. लच्चू आता म्हातारा झालेला, बाजेवर बसलेला. चंपाबाईंनी मला त्याच्या मांडीवर ठेवलं.

"लच्चूभाऊ, भुरी नाल्यात सापडली. आमी तुमाले चोर म्हनलं. आमचं चुकलं."

लच्चूनं माझ्याकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. त्याच्या डोळ्यांत माझ्यासारखाच संशय होता.

"इतक्या सालानं काऊन आली?"

तेवढ्यात लच्चूची कालवड रानाकडे निघाली. त्याची नातवंडं तेलुगूत "रा, रा", म्हणजे "ये, ये", करत तिच्यामागे धावली. चंपाबाईंना राहवलं नाही. त्या कुंपणापाशी गेल्या, तोंडाशी हात नेला आणि त्यांनी ती जुनी हाक घातली. वर वर चढणारी आणि शेवटी एकदम खाली येणारी.

कालवड वळली की नाही, ते मी पाहिलं नाही. मी लच्चूकडे पाहत होते. तो बाज सोडून उभा राहिला होता.

"हे तं माह्या मायची हाक हाय," तो म्हणाला. "माहा गळा बसला. आमच्या पोराइले येत नाई. तुह्यापाशी कशी राह्यली?"

"तुमच्यापासूनच तं शिकली, भाऊ."

लच्चूनं नातवंडांकडून कालवड धरून आणवली आणि मला तिच्या गळ्यात बांधलं. "अजून येत जा," तो चंपाबाईंना म्हणाला. "पोराइले शिकव."

मित्रांनो, तुमच्या घरात खुंटीवर काही टांगलेलं असेल, तर ते खाली काढून एकदा हलवून पाहा. आणि कोणाला चोर म्हणायच्या आधी रानात जाऊन नीट ऐका. त्या ढाबेवाल्याचा मात्र मला अजूनही भरवसा नाही. वस्तीच्या बाजूला कोणतीही गाडी वळली, की मी कान टवकारते.

परवा संध्याकाळी आम्ही नाल्याकडे चरत होतो. वस्तीवरून हाक आली. आवाज चंपाबाईंचा नव्हता, लच्चूचा तर नव्हताच. कोवळा होता, मध्येच अडखळला. मला आधी संशयच आला. पण कालवड घराकडे वळली.